तो कागद मला का नाही? निशाणी 5 बद्दल मुंबई उच्च न्यायालयास खुले पत्र

प्रति,
माननीय मुख्य न्यायमूर्ती आणि सर्व माननीय न्यायमूर्ती,
मुंबई उच्च न्यायालय.

सविनय नमस्कार.

दक्षिण महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या कोर्टात मी 29 वर्षे वकिली करतो आहे. कोर्टाचे नाव लिहीत नाही. एक तर तक्रार त्या कोर्टाबद्दल नाही, आणि दुसरे म्हणजे सोमवारी मला तिथेच उभे राहायचे आहे.

पत्र निशाणी 5 बद्दल आहे. आपल्याला ते समजावून सांगायची गरज नाही, पण पत्र खुले आहे म्हणून इतरांसाठी चार ओळी. निशाणी म्हणजे फाईलमधल्या कागदाला कोर्टात पडणारा नंबर. दिवाणी कामात दावा निशाणी 1 ला असतो. त्याच्यासोबत, दाव्याचा निकाल लागेपर्यंत प्रतिवादीला अमुक करू देऊ नका, असा तूर्तातूर्त मनाईचा अर्ज दिला जातो आणि आपल्याकडे त्याला बहुधा 5 नंबर पडतो. इतका नेमाने, की एखाद्या फाईलमध्ये तो 14 वर असला तरी आम्ही "पाचवर आहे" असेच म्हणतो. पक्षकारांच्याही तोंडी हा आकडा बसतो. आपल्या दाव्याचा नंबर सांगता न येणारी बाई कोर्टाच्या व्हरांड्यात विचारते, "पाचाचं काय झालं?"

दावा पंधरा-वीस वर्षे चालतो, हे लोकांनी कधीच गृहीत धरले आहे. त्याबद्दल आता कुणी तक्रारही करत नाही. पण दावा चालू असताना दाव्यातली वस्तू तरी जागेवर राहावी, एवढ्यासाठीच तर हा अर्ज असतो. तोच वर्ष वर्ष पडून राहिला, तर शेवटी निकाल कशाचा लावायचा?

मावशींची गोष्ट सांगतो. नाव, गाव गाळून. गावठाणात घरामागे त्यांचे अडीच गुंठ्यांचे परडे. नवरा वारलेला, मुलगी पुण्यात. 2022 च्या नोव्हेंबरात एका सकाळी चुलत दिराने परड्यात फक्कीने आखणी केली आणि दुपारी खड्डे काढायला माणसे लावली. दुसऱ्या दिवशी मावशी नमुना आठचा उतारा, घरपट्टीच्या पावत्या आणि पिशवीत गुंडाळलेला एक पिवळा पडलेला वाटणीचा कागद घेऊन माझ्याकडे आल्या. चौथ्या दिवशी दावा दाखल झाला. मी एकतर्फी मनाई मागितली.

"काम कुठवर आलंय?" साहेबांनी विचारले.

"खड्डे काढलेत, साहेब."

"मग नोटीस काढू. तीन आठवड्यांची तारीख घ्या."

यात साहेबांचे काही चुकले असे मी म्हणत नाही. आधी नोटीस हा नियम, एकतर्फी हुकूम हा अपवाद. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 39 चा नियम 3 तेच सांगतो. एकतर्फी मनाई देताना कारणे नोंदवणे हा नुसता उपचार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1993 साली शिवकुमार चढ्ढा प्रकरणात बजावले आहे. समोरच्याचे न ऐकता कुणाचे हात बांधू नयेत, हे मलाही मान्य आहे. पुढे जे झाले ते मात्र कुठल्याच नियमात बसत नाही.

मावशींचा भाचा प्रत्येक तारखेला कोर्टात यायच्या आधी परड्याचा मोबाईलवर फोटो काढायचा. माझ्याकडे रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झाले याची कोर्टाची नोंद, आहे, त्याच्याकडे फोटो आहेत. दोन्ही शेजारी ठेवले की असे दिसते.

डिसेंबर. नोटीस बजावणाऱ्या बेलिफाचा अहवाल: प्रतिवादी परगावी गेल्याचे घरच्यांनी सांगितले, सबब नोटीस परत. फोटोत जोते उभे, आत मुरूम भरलेला, त्यावर पाणी मारणे चालू. आणि परगावी गेलेला प्रतिवादी हातात पाईप धरून उभा. जानेवारी. नोटीस दाराला डकवली, प्रतिवादीतर्फे वकीलपत्र दाखल, म्हणणे, म्हणजे अर्जाला लेखी उत्तर, देण्यास मुदत. भिंती खिडकीच्या तळापर्यंत. फेब्रुवारी. कागदपत्रांच्या प्रती मिळाल्या नाहीत, म्हणून पुन्हा मुदत. प्रती मी दिल्या होत्या, पण पोच फाईलला लावायची राहिली होती. तो माझा गलथानपणा. भिंती छज्जापर्यंत. मार्चमध्ये साहेब प्रशिक्षणाला गेलेले.

एप्रिलमध्ये म्हणणे आले. जागा वादीची नाही, हे होतेच. त्याखाली लिहिले होते की "बांधकाम बहुतांशी पूर्ण झालेले असल्याने" आता मनाई देता येत नाही. दावा दाखल झाला तेव्हा तिथे खड्डे होते. म्हणणे द्यायला जो वेळ घेतला, तोच वेळ म्हणण्यातला मुद्दा होऊन समोर आला. महिनाअखेर युक्तिवाद झाला, प्रकरण हुकुमासाठी ठेवले. मग उन्हाळी सुट्टी. सुट्टी कोर्टाला होती, सेंट्रिंगवाल्याला नव्हती. मे महिन्यात स्लॅब पडला. जूनमध्ये बदल्या. ज्यांनी ऐकले ते साहेब विदर्भात गेले आणि जे आले त्यांनी ऐकलेले नव्हते. प्रकरण पुन्हा युक्तिवादावर. जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर. दसऱ्याला वास्तुशांत झाली. भावकी ती भावकी, मावशींनाही पत्रिका आली होती.

2024 च्या जानेवारीत हुकूम झाला. सव्वा पानाचा. प्रथमदर्शनी केस वादीची दिसते, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. पण बांधकाम पूर्ण झाले, आता थांबवण्यासारखे काही उरले नाही, सबब अर्ज नामंजूर. नव्या साहेबांनी तरी दुसरे काय लिहायचे?

खड्ड्यांपासून हुकमापर्यंत चौदा महिने गेले. आता दावा दुरुस्त करून बांधकाम पाडून मिळण्याची मागणी घातली आहे. त्याला पुरावा लागतो, आणि आमच्याकडे पुराव्याच्या बोर्डावर, म्हणजे त्या कामांच्या यादीत, सध्या 2014 चे दावे आहेत.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. 1976 च्या दुरुस्तीने ऑर्डर 39 मध्ये नियम 3-ए आला. नोटीस न देता मनाई दिली असेल, तर तो अर्ज 30 दिवसांत निकाली काढण्याचा न्यायालयाने प्रयत्न करावा. न जमल्यास कारणे लिहावीत. हा नियम निशाणी 5 च्या सगळ्या अर्जांना लागू आहे, असा पुष्कळांचा समज असतो. तरुण वकीलही तसे सांगतात. तसे नाही. एकतर्फी हुकूम झाला असेल तरच हे 30 दिवस. ज्या अर्जावर नुसती नोटीस निघाली, म्हणजे मावशींसारख्यांच्या अर्जावर, तिथे कायद्याने घड्याळच लावलेले नाही. प्रतिवादीचे हात बांधले गेले की कायद्याला निदान कागदावर तरी घाई आहे. जिचे परडे रोज थोडे थोडे जाते आहे, तिच्यासाठी तीही नाही.

दुसरी अडचण याहून मोठी. अर्ज नामंजूर झाला तर ऑर्डर 43 खाली आम्हाला अपील आहे, मंजूर झाला तर समोरच्याला. हुकूमच झाला नाही तर अपील कशावर करायचे? 30 दिवस उलटूनही एकतर्फी हुकूम तसाच चालू राहिला, तर प्रतिवादीला थेट त्या हुकमावर अपील करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली सांगितले. त्याला एवढी तरी वाट मिळाली. नोटिशीवर लटकलेल्या वादीला तीही नाही. त्याच्यासाठी एकच दार उरते, खालच्या न्यायालयांवर देखरेखीचा अधिकार उच्च न्यायालयाला देणारे घटनेचे कलम 227. म्हणजे आपले.

आपल्या दाराकडे वळण्याआधी दुसरी बाजू सांगितली पाहिजे, कारण तिथे आरोपीच्या पिंजऱ्यात मी स्वतः आहे.

काही वर्षांपूर्वी दोघा भावांच्या भांडणात मी धाकट्याचा वकील होतो. थोरल्याने जमीन विकायला काढली होती, इसार झाला होता. "मिळकत तबदील करू नये" असा एकतर्फी हुकूम मी पहिल्याच दिवशी मिळवला. त्या दिवशी हुकूम योग्यच होता. पुढे चार वर्षे तो "पुढील तारखेपर्यंत कायम" होत राहिला. थोरल्याच्या वकिलांनी हुकूम उठवण्यासाठी नियम 4 खाली अर्ज दिला, तोही निशाणी 5 सोबतच ऐकायचा म्हणून शेजारी जाऊन पडला. दर तारखेला ते युक्तिवादाला तयार असायचे. मी नसायचो. कधी माझे जिल्ह्याला काम, कधी कागद दाखल करायला मुदत, कधी अशील आजारी. काही वेळा हे खरे होते. काही वेळा अशिलाने आदल्या रात्री फोन करून "एवढी तारीख पडू द्या" म्हटलेले असायचे. मी किती मुदतीचे अर्ज दिले ते रोजनाम्यात मोजता येते. मी मोजले आहेत. अकरा.

थोरल्याला त्या काळात बायकोच्या ऑपरेशनसाठी पैसा हवा होता. शेवटी तो तडजोडीला आला आणि धाकट्याला त्याच्या हक्काहून बरेच जास्त देऊन मोकळा झाला. निशाणी 5 वर युक्तिवाद झालाच नाही. प्रकरण लोकअदालतीत मिटले. दोघा भावांच्या हातात गुलाबाचे फूल देऊन फोटो निघाला, निकाली प्रकरणांत एकाची भर पडली. त्या तडजोडीत माझ्या युक्तिवादाचा वाटा काय आणि न झालेल्या युक्तिवादाचा काय, हे मला पक्के ठाऊक आहे.

एकतर्फी मनाई दिलीच तर दोन्ही बाजू ऐकून अर्ज अग्रक्रमाने निकाली काढा, विनाकारण तारखा देऊ नका, हे सर्वोच्च न्यायालयाने 2011 साली रामरामेश्वरी देवी प्रकरणात लिहून ठेवले आहे. त्यातले उतारे मी विरुद्ध बाजूच्या एकतर्फी मनाईवर आवेशाने वाचून दाखवतो. माझ्याकडे मनाई असते तेव्हा ते पुस्तक कपाटात असते.

आता आपले दार. माझ्या एका बागायतदार अशिलाची शेतवाट शेजाऱ्याने नांगरून टाकली होती. ऊस तोडीला आलेला, ट्रॅक्टर जायला रस्ता नाही, निशाणी 5 पाच महिने 'म्हणणे' या टप्प्यावर. ई-कोर्टच्या ॲपमध्ये रोज पाहायचे आणि रोज 'अनरेडी', म्हणजे सुनावणीला तयार नाही, असे वाचायचे. हेही 2023 मधलेच, आणि गड्याकडे पैसे होते. रात्रीच्या गाडीने आम्ही मुंबईला गेलो. फोर्टात वकिलांच्या चेंबरबाहेर बाकड्यावर दोन तास, मग रिट पिटिशन, मग तीन फेऱ्या. आपल्यापुढे पुकारा झाल्यावर मात्र दोन मिनिटे पुरली. सात ओळींचा हुकूम: गुणदोषात न शिरता, सर्व मुद्दे खुले ठेवून, खालच्या न्यायालयाने निशाणी 5 चार आठवड्यांत निकाली काढावी. नक्कल आणून दाखल केली. आमच्या साहेबांनी ती वाचली, चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि खालच्या लिपिकाला म्हणाले, "हे आता रोज लावा."

26 व्या दिवशी हुकूम झाला. मोळ्या बांधावरून ट्रॅक्टरमध्ये चढल्या.

त्या 26 दिवसांत मावशींच्या दोन तारखा होत्या. दोन्ही वेळेअभावी पुढे गेल्या. बागायतदाराने पेढे आणले तेव्हा मावशी बाहेर बाकड्यावर बसल्या होत्या, त्यांनाही दिला.

"वकीलसाहेब, मुंबईचा कागद आला की लगेच होतं म्हणे," त्या म्हणाल्या. "तो कागद मला का नाही?"

मी त्यांना खर्चाचा आकडा सांगितला. त्यांनी पेढा पदराच्या गाठीला बांधला आणि पुढची तारीख विचारली.

मावशींचा अर्ज नामंजूर झाल्यावर महिनाभराने, 29 फेब्रुवारी 2024 ला, सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने अलाहाबादच्या वकील संघटनेच्या प्रकरणात निकाल दिला. वर्तमानपत्रांत ठळक आले ते एवढेच, की स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपते, हा 2018 चा निर्णय रद्द झाला. मला महत्त्वाचा वाटला तो दुसरा भाग. ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात वकिलीची सुरुवात केलेल्या न्यायमूर्ती अभय ओक यांनी निकालपत्र लिहिले आहे. त्यात म्हटले आहे, की वरच्या न्यायालयांनी खालच्या न्यायालयातल्या एकेका प्रकरणाला मुदत घालून देणे शक्यतो टाळावे. ज्यांना वर जाणे परवडते त्यांनी आपले काम रांग मोडून पुढे करून घ्यायचे आणि बाकीच्यांनी निमूट रांगेत थांबायचे, हे चालू देता येणार नाही. कुठले काम आधी घ्यायचे ते त्या त्या न्यायालयाला जास्त कळते.

हे वाचून मला प्रथम बरे वाटले. मावशींचा प्रश्न जसाच्या तसा दिल्लीत कुणीतरी विचारला होता. मग लक्षात आले, की उत्तर अर्धेच आहे. वरचा कागद कुणालाच मिळणार नाही, इतकेच ठरले. खाली काही बदलले नाही, तर याचा अर्थ उद्या बागायतदाराचाही ऊस वाळणार. न्याय सारखा झाला, असे म्हणायचे का?

आणि अपवादात्मक परिस्थितीचे दार त्या निकालानेही उघडे ठेवलेच आहे. दार उघडे म्हटल्यावर रांग लागणार. त्यात 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच बसू लागले आहे. त्यासाठी चाळीस वर्षांहून अधिक काळ आंदोलन चालले. मीही काळा कोट घालून मांडवात बसलो आहे. (त्या कामबंद आंदोलनांत कितीतरी निशाणी 5 आमच्याचमुळे पुढे ढकलल्या गेल्या, हेही एकदा लिहून टाकतो.) सहा जिल्ह्यांना उच्च न्यायालय जवळ आले याचा आनंद आहेच. पण जाणे सोपे झाले, की "आमचा अर्ज लवकर ऐका" एवढेच मागणाऱ्या याचिका वाढतील, आणि आपला वेळ त्या सात-सात ओळींत जाईल.

खालच्या साहेबांचा दिवस कसा असतो, हे या पत्रात आले नाही तर ते लबाडीचे होईल. तालुक्याला दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर आणि प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी हे एकच माणूस असते. गेल्या मंगळवारी बोर्डावर 94 प्रकरणे होती. पुकारा संपतासंपता बारा वाजले. मग धनादेश न वटल्याची प्रकरणे, एका फौजदारी खटल्यात दोन साक्षीदार, ते लांबून आलेले, त्यांना परत पाठवणे बरे नाही. जेवणानंतर पोलिसांची गाडी आली, रिमांड. मग जामीन. साडेचारला साहेबांनी निशाणी 5 च्या गठ्ठ्याकडे पाहिले आणि म्हणाले, "कुणाचा युक्तिवाद दहा मिनिटांत होईल?" आम्ही सहा वकील उभे होतो. कुणीही हात वर केला नाही.

त्यात भर म्हणजे पाच वर्षांवरची, दहा वर्षांवरची जुनी प्रकरणे आधी काढा, असा आपला तगादा असतो. तो योग्य आहे. पण निशाणी 5 असते नव्याकोऱ्या दाव्यात. 2026 चा दावा त्या तगाद्यात कुठेच बसत नाही. सगळ्यात तातडीचा अर्ज सगळ्यात तरुण फाईलमध्ये असतो, म्हणून तो सगळ्यात मागे.

मग मागणे काय? एकेका प्रकरणाला मुदत घालू नका, असे घटनापीठ म्हणते. ठीक. पण सगळ्यांसाठी एक नियम करायला कुणी अडवलेले नाही. जिल्हा न्यायालयांवरचे नियंत्रण घटनेच्या कलम 235 ने आपल्याकडे आहे. दिवाणी संहितेच्या कलम 122 ने पहिल्या अनुसूचीतले नियम बदलण्याचा अधिकारही आपल्याकडे आहे, आणि आपण तो वापरलेला आहे. ऑर्डर 39 ला नियम 11, मनाई मोडणाऱ्याचा दावा काढून टाकता येईल किंवा बचाव खोडता येईल असे सांगणारा, 1983 साली मुंबई उच्च न्यायालयानेच जोडला. मनाई मोडली तर काय, हे आपण त्या वर्षी ठरवले. मनाई द्यायची की नाही हेच लटकत राहिले तर काय, एवढे ठरवायचे राहून गेले आहे. नियम 3-ए ला चार शब्द जोडा: एकतर्फी हुकूम झालेला असो वा नसो. प्रतिवादीला नोटीस लागू झाल्यापासून दिवस मोजा. 30 जमत नसतील तर 60 करा. ओलांडले तर का ओलांडले, ते रोजनाम्यात लिहायला लावा; "वेळेअभावी" हे कारण सहाव्यांदा लिहिताना कुणालाही थोडे अवघड वाटते.

म्हणणे देण्यासाठी एक तारीख पुरे. दुसरी द्यायची तर खर्चासह, आणि तो खर्च 200 रुपये नसावा. 200 रुपयांत स्लॅब पडत असेल तर कोण भरणार नाही? तिसऱ्या तारखेला म्हणणे नसेल तर तसेच ऐका. हे सगळे आजही साहेबांच्या हातात आहे हे मला माहीत आहे. पण तालुक्याला रोज तेच वकील, तेच चेहरे. 'नो से'चा, म्हणजे म्हणण्याशिवाय पुढे जाण्याचा, हुकूम करणारे साहेब कडक म्हणून नाव पडते, पुढच्या बार असोसिएशनच्या बैठकीत चर्चा होते. वरून नियम आला की त्यांनाही बोट दाखवायला जागा मिळते, आणि आम्हालाही अशिलाला सांगता येते की बाबा, आता तारीख मिळत नाही.

बदल्यांचे तर अगदी सोपे आहे. निशाणी 5 वर युक्तिवाद ऐकलेला असेल, तर हुकूम केल्याशिवाय पदभार सोडायचा नाही. मावशींचे नऊ महिने या एका वाक्याने वाचले असते.

नोटीस बजावण्याबद्दल मी फार लिहीत नाही. ई-मेलने बजावणी करण्याचे नियम आपण 2017 साली केले, आणि 2018 साली आपल्याच न्यायालयात व्हॉट्सॲपवरच्या दोन निळ्या खुणांवरून नोटीस पोहोचल्याचे मानले गेले. आमच्याकडे अजून एकच बेलिफ, त्याच्याकडे साठ गावे, आणि प्रतिवादी परगावी गेलेला.

आणि मोजा. डिक्रीच्या अंमलबजावणीचे दरखास्त अर्ज किती पडून आहेत ते मोजा, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2025 मध्ये सगळ्या उच्च न्यायालयांना सांगितले. त्या ऑक्टोबरात देशाचा आकडा 8 लाखांवर निघाला, आणि त्यात सर्वांत मोठा वाटा आपल्या महाराष्ट्राचा होता. वाईट वाटले, पण निदान कळले. निशाणी 5 चे तसे काही नाही. तालुक्याहून दर महिन्याला जो तक्ता वर जातो, त्यात एक रकाना वाढवा: नोटीस लागून 90 दिवस झालेले, हुकूम न झालेले अर्ज. एवढा रकाना भरायचा आहे म्हटल्यावर 25 तारखेपासूनच गठ्ठा हलायला लागेल. कोर्ट कसे चालते, हे मी 29 वर्षे पाहिले आहे.

नियम करताना एक आठवण ठेवावी. 1977 साली महाराष्ट्राने संहितेत कलम 9-ए घातले. मुंबईत सरकारला नोटीस न देता दावे घालून मनाई घेतली जायची, न्यायालयाला अधिकार आहे की नाही हे नंतर कधीतरी. त्याला आळा म्हणून, मनाईचा अर्ज ऐकताना अधिकाराची हरकत आली तर आधी तिचा निकाल लावायचा. हेतू चांगला होता. पण हरकत घेणे फुकट असते. आम्ही वकिलांनी प्रत्येक निशाणी 5 वर हरकत घ्यायला सुरुवात केली, तिच्यावर पुरावा, उलटतपास, अपील, आणि अर्ज बसला वर्षानुवर्षे मागे. 2018 साली कलम काढून टाकले तेव्हा आमच्या बाररूममध्ये काही जण खरोखर हळहळले. त्यात मीही होतो. तेव्हा नवा नियम लिहिताना, यातून पळवाट कशी काढतील ते आम्हाला विचारा. तिथे आमचा अनुभव दांडगा आहे.

सोमवारच्या बोर्डावर आमच्याकडे 11 निशाणी 5 आहेत. चार माझ्या, दोन्ही बाजूंच्या मिळून. त्यातल्या एकीत मला म्हणणे द्यायचे आहे आणि या वेळी खड्डे माझ्याच अशिलाचे काढून झाले आहेत. शनिवारी त्याचा फोन येऊन गेला. "एवढी तारीख पडू द्या" म्हणाला. म्हणणे टाईप करून टेबलावर ठेवले आहे.

आपला नम्र,
तालुका न्यायालयातील एक वकील

सोबत: रोजनाम्याची नक्कल, पाने 7, नावे खोडून. फोटो 9, मागे तारखा लिहिलेले. डिसेंबरच्या फोटोत पाईप धरलेल्या इसमाचा चेहरा झाकला आहे.